इंदुरीचं विरजण

"मॅडम, इंदुरीत काळ फाटला. मापारी गायब आहे."

लोणावळ्याच्या काळमापन कचेरीत नीरजाने फोन ऐकला, "येते" म्हणाली आणि जीपची किल्ली उचलली. तिला धक्का बसला नाही. नवरा विहंग तुंगार्लीच्या तळ्याकाठी काळात गेला, तेव्हापासून तिला कशाचाच धक्का बसत नसे. कचेरीत तिला दगड म्हणत. तिला त्याचंही काही वाटत नसे.

त्या मावळात काळ सगळीकडे सारखा वाहत नसे. कुठे उधळे, कुठे अडखळे. अशा वेळी घड्याळं मान टाकतात, दही टाकत नाही. म्हणून कचेरीतून गावोगाव एकच विरजण जाई. दिवेलागणीला मापारी ते दुधाला लावी आणि सकाळी दही चाखे. नेहमीसारखं लागलं तर काळ स्थिर. भलतंच आंबलं, पाणी सुटलं, तर त्या खोलीत रातोरात कितीतरी दिवस उलटून गेले, काळ फाटला म्हणायचं. खोलीतला माणूस काळासोबत जाई. त्याला मेला म्हणत नसत, परतेल म्हणत. गावाला मात्र दिवस मावळायच्या आत घरंदारं सोडून उठावं लागे. कायद्याला गावाची माया कुठली!

इंदुरीत ट्रॅक्टरवर बोचकी चढत होती. किल्ल्याच्या तटाला लागून मापाची खोली होती. मापारी संदेशचे आईबाप, नंदाबाई आणि सोपान, उंबऱ्यावर बसले होते. थंडी बोचत होती, तरी म्हातारा नुसत्या सदऱ्यावर होता.

भिंतीवरचं घड्याळ बंद होतं. नीरजाने मडक्यातलं दही बोटाने चाखलं. दात आंबले.

"इथलं काही हलवलंत?"

"न्हाई. जसं व्हतं तसंच हाय," सोपान म्हणाला.

नंदाबाईने तिथल्याच चुलीवर चहा ठेवला. घरावर आभाळ कोसळलं तरी आलेल्याला चहा चुकत नाही, ही आपली रीत. मडक्याशेजारच्या तांब्यातलं दूध तिने आधणात ओतलं.

"निम्मं दूध विरजनाला, निम्मं सकाळच्या चहाला. आसंच ठेवायचा संदेश," ती म्हणाली. "ताई, येईल ना वो त्यो? काळात गेल्याली येत्यात म्हनं."

नीरजाने चहाचा कप उचलला. चहा छान झाला होता. तिने सगळा प्यायला आणि कप खाली ठेवला.

"मावशी, आज घरी चूल पेटली का?"

"कुटली? कढी करनार व्हते. लय दिसांचं आंबट दही साठवल्यालं. भांडंच रिकामं. मांजरानं खाल्लं आसंल."

"आबा, तुम्ही रात्री कुठे होतात?"

"घरीच. निजलो व्हतो."

"आणि पहाटे?"

"नदीवर. रोज जातो."

"घोंगडी न घेता?"

"हरवली."

"कधी?"

सोपान नखाने जमीन उकरत राहिला.

"आबा, काळ फाटलेला नाही," नीरजा म्हणाली. "या खोलीत काळ उधळला असता, तर सगळ्याच दुधावर उधळला असता. मडक्यातलं आंबून गेलं आणि त्याला खेटून ठेवलेल्या तांब्यातलं गोड राहिलं, असा पंक्तिप्रपंच काळ करत नाही. मी आत्ता त्याच दुधाचा चहा प्याले. मडक्यात घरचं आंबट दही ओतलं ते मांजराने नाही, तुम्ही. घड्याळही तुम्हीच बंद केलंत. आणि पहाटे नदीवर गेलेली घोंगडी परत आली नाही."

सोपानने हात जोडले. "ताई, हिच्यासमोर नगं."

नीरजा त्याच्याजवळ खाली बसली. मग सावकाश बोलली.

"माझा नवरा काळात गेलाय. लोक म्हणतात, आशा आहे ना तुला. ती आशा नाही, आबा. मी अजून रडलेसुद्धा नाही. रडायला कुणीतरी मेलेलं लागतं. मावशींचं असं करू नका."

म्हाताऱ्याने नंदाबाईकडे पाहिलं.

"डोहात गावला," तो शेवटी म्हणाला. "भांडी धुवाया गेला आसंल. शेवाळावरनं पाय सरकला. घोंगडीत गुंडाळून काठावरच पुरला. वाटलं, वाट बघत का हुईना, पर जगंल ही. पोरगं मेलं म्हनून कुन्या तोंडानं सांगू? गाव उठंल, ह्ये डोस्क्यातच आलं न्हाई."

नीरजाने कचेरीला फोन लावला. "इंदुरी स्थिर आहे. गाव उठवू नका." बाहेर कुणीतरी आनंदाने ओरडलं आणि ट्रॅक्टरवरची बोचकी उतरू लागली. एक अख्खं गाव वाचवलं होतं, पण तिच्या मनात काहीच हललं नाही.

नंदाबाई रडली नाही. पदराने हात पुसून ती नवऱ्यासमोर जाऊन बसली.

"जेवला व्हता का त्यो?"

सोपानने मान वर केली. "व्हय. पोटभर."

रात्रभर घरी निजलेल्या माणसाला हे ठाऊक असणं शक्यच नव्हतं. दिवसभरातलं आणखी एक खोटं नीरजाच्या ध्यानात आलं. ते खोटं तिने तसंच राहू दिलं. तिने नंदाबाईला हात देऊन उठवलं आणि तिघं डोहाकडे निघाली.