जोथमचे पिवळे बोये

हसणाऱ्यांनी खुशाल हसावं. पण माझा ऑरिनमामा थापा मारणाऱ्यातला नव्हता, आणि हे त्याच्या स्वतःच्या अंगावर गुदरलेलं आहे.

अमेरिकेतल्या मेन राज्याच्या किनाऱ्यावरचं आमचं गाव, हॅडॉक कोव्ह. पहिलं महायुद्ध संपल्यानंतरचा उन्हाळा. भर दुपार... आणि स्वतःचा हात दिसू नये असं धुकं.

'डेझी' म्हणजे आल्डन पेटिंगिलची साधी मोटरबोट. युद्धात नौदलाने ती घेतली, करडी रंगवली, पुढच्या टोकाला तोफ बसवली आणि आल्डनलाच गस्तीचा कप्तान केलं. गडी शेफारला! शेवंडांचे सापळे टाकायच्या जागेवरून त्याचं मामाच्या थोरल्या भावाशी, जोथमशी, जुनं वैर होतं. एकदा धुक्यात डेझीने जोथमची वल्ह्याची होडी उभी चिरली; जोथम बुडाला.

"मला काही दिसलंच नाही," आल्डन चौकशीत म्हणाला.

मामाने ते खरं मानलं. युद्धानंतर त्याच बोटीवर कामालाही लागला.

जोथमच्या बायकोने, हुल्डावहिनीने, तेव्हापासून त्याला दारात उभं केलं नाही. "भावाला बुडवणाऱ्याचं खातोस? लाज नाही वाटत मेल्या?"

त्या दुपारी आल्डन आणि मामा दोघेच सापळे उचलायला गेले होते.

धुक्यातून एक बोया, सापळ्याच्या दोराला खूण म्हणून बांधतात तो लाकडी ठोकळा, तरंगत आला. पिवळा... मधे काळा पट्टा.

जोथमचा रंग.

आमच्याकडे बोयांचा रंग ज्याचा त्याचा ठरलेला; मेलेल्याचा रंग दुसरा कुणी आपल्या बोयांना लावत नाही.

"जुना असेल, आला वाहत," आल्डन खेकसला.

"जुने सगळे वहिनीने चुलीत घातले. माझ्या डोळ्यांदेखत."

मामाने लांब दांड्याच्या आकडीने तो ओढून घेतला. एका बाजूचा कोळसा झालेला... आणि बोया ऊन होता.

मग दुसरा आला. मग चहूबाजूंनी पिवळेच पिवळे.

इंजिन खोकलं... बंद पडलं. बोटीखालच्या पंख्यात बोयाचा दोर गुंतला होता.

त्या शांततेत वल्ही ऐकू आली. खळप... खळप...

"थांब!" आल्डन ओरडला. "नौदलाची गस्त आहे! थांब!"

कसली गस्त? तोफ केव्हाच काढून नेली होती.

खळप... अगदी बोटीच्या टोकाखाली.

"हात खाली कर, जोथम!" आल्डन रडायलाच लागला. "तेव्हाही असाच हात वर करून उभा होतास!"

मामा गर्रकन त्याच्याकडे वळला. "म्हणजे... तुला दिसला होता तो?"

दोर आल्डनच्या घोट्याला कधी लपेटला, कळलंच नाही. एक हिसका... आणि तो पाण्यात.

"ऑरिन! आकडी दे रे! पाया पडतो तुझ्या!"

मामाने आकडी पुढे केली. संतापला होता, तरी केली. हे तो शपथेवर सांगायचा. हातभर अंतर राहिलं...

तेवढ्यात मागून कुणीतरी त्याचं मनगट धरलं.

गार, ओला हात. मामाने वळून पाहिलं नाही. लहानपणी खडकांवरून उतरताना हाच हात त्याला धरून ठेवायचा.

धुकं निवळलं तेव्हा पाण्यावर एकही बोया नव्हता. आल्डनही नव्हता.

संध्याकाळी मामा वहिनीच्या दारात उभा राहिला. तो बोलायच्या आत ती म्हणाली, "आत ये. जेवून घे."

टेबलावर तीन थाळ्या होत्या. तिसऱ्या खुर्चीखाली पाण्याचं थारोळं...

"वहिनी, मी आकडी दिली होती गं."

"ठाऊक आहे," ती म्हणाली. "ह्यांनी सांगितलं."

मामा मरेपर्यंत त्या मनगटाला लोकरीची पट्टी बांधायचा. लहानपणी मी एकदा हात लावून पाहिला होता.

कडक उन्हातही ती ओली होती.