काळा अजून चालू आहे

आमच्या प्रयोगशाळेत मोजमापाची साधनं तपासायला येतात. आम्ही त्यांची चूक किती ते लिहितो आणि परत पाठवतो. जिनत माझ्या शेजारच्या टेबलावर बसते. मार्चमधल्या एका दुपारी डबा खाताना तिने विचारलं, स्नूकरमधलं काही कळतं का. मी नाही म्हटलं.

"बरंच झालं," ती म्हणाली. "कळणाऱ्यांनीच घोळ घातलाय."

घोळ तिच्या आजोबांचा होता. दादामियाँ मंडईमागे वजनकाटे दुरुस्त करायचे आणि संध्याकाळी सदाशिव पेठेतल्या एका क्लबात खेळायचे. १९७९ च्या अंतिम सामन्यात समोर बापूराव होते. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात विजेते म्हणून दादामियाँचं नाव आलं, क्लबच्या फळ्यावर बापूरावांचं लागलं. बापूराव कधीच गेले. दादामियाँना आता डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं होतं, आणि क्लब फळा नव्याने रंगवत होता. शनिवारी पेंटर येणार होता. आपलं नाव लागलं की नाही एवढं कळल्याशिवाय दादा शांत होणार नाहीत, असं जिनत म्हणाली. "घरच्यांनी मोजलं तर कोण मानेल? उत्कर्षा, तू आमच्या वतीने जा."

काय मोजायचं, ते तिने सांगितलं नाही.

क्लब एका क्लासच्या वरच्या मजल्यावर आहे. खालून मुलांचे पाढ्यांसारखी सूत्रं म्हणण्याचे आवाज येत होते. सेक्रेटरी श्रीधर यांनी मला बसायलाही सांगितलं नाही. म्हणाले, "फळ्यावर 'माहीत नाही' हे नाव लिहिता येत नाही. त्या नावाचा आमचा सभासद नाही."

हकीकत त्यांनीच सांगितली. शेवटच्या डावात टेबलावर फक्त काळा बॉल उरला होता. बापूरावांचे अठ्ठावन्न गुण, दादामियाँचे पंचावन्न. काळ्याचे सात. दादामियाँनी मारलेला काळा कोपऱ्यातल्या पॉकेटकडे निघाला, मंदावला आणि वीतभर अलीकडे थांबला. पाळी बापूरावांची. ते वाकले, बॉलकडे बराच वेळ बघत राहिले आणि परत खुर्चीत जाऊन बसले. "चालू आहे," म्हणाले. बॉल पूर्ण थांबल्याशिवाय पुढच्याने खेळायचं नसतं. लोक हसले. कुणी चहा सांगितला. मग एकेक जण घरी गेला. बातमीदाराने काळा पडणारच असं धरलं, क्लबने गुणांत पुढे असलेला धरला. निर्णय होईपर्यंत टेबल आहे तसं ठेवावं, असा ठराव झाला.

"पुण्यात ठराव मोडत नाहीत," श्रीधर किल्ली काढत म्हणाले. "फक्त विसरतात."

आतल्या खोलीला जुन्या लोकरीचा आणि बंद कपाटाचा वास होता. टेबलावरची चादर त्यांनी उचलली. काळा बॉल पॉकेटपासून दोन बोटांवर होता. त्याच्या मागे हिरव्या कापडावर शिंप्याच्या खडूच्या बारीक रेघा होत्या, शिडीच्या पायऱ्यांसारख्या. दादामियाँ दरवर्षी येऊन एक ओढत, गुडघे चालत होते तोवर. शेवटच्या रेघेपासूनही बॉल पुढे आला होता.

कुणीतरी ढकलत असणार, असं मी म्हटलं.

"किल्ली माझ्याकडे असते," श्रीधर म्हणाले. "आणि मला वेळ नसतो."

मी पाणसळ ठेवून टेबल तपासलं. उतार होता, पण पॉकेटपासून आत. बॉल हलत असेल तर चढावर हलत होता. भिंतीपासून हातभर पुढे एक वेताची खुर्ची टेबलाकडे तोंड करून होती. खोलीभर धूळ होती. खुर्चीच्या बैठकीवर नव्हती.

संध्याकाळी जिनतचा फोन आला. दादांनी निरोप दिला होता: बॉलला हात लावायचा नाही.

मी हात लावला नाही. दुसऱ्या दिवशी प्रयोगशाळेतून डायल गेज नेला. त्याचं टोक वस्तूला टेकवायचं असतं, वस्तू केसाच्या जाडीहून कमी सरकली तरी काटा फिरतो. स्टँड ठेवायला लाकडी कडा बरी वाटली, म्हणून टोक पॉकेटच्या बाजूने टेकवलं. त्या टोकाला स्प्रिंगचा हलका दाब असतो. हे मी रोज अहवालात लिहिते. वस्तू सुटी असेल तर दाब लक्षात घ्यावा, असंही लिहिते.

दुपारपर्यंत काटा सरकला. अगदी थोडा, पण सरकला. मला आनंद झाला. मी जिनतला फोन करून सांगितलं आणि तिच्यामागून एक म्हातारं, ओलसर हसू ऐकू आलं.

दुसऱ्या दिवशी काटा तिथेच होता.

तिसऱ्या दिवशीही. मी गेज काढून घेतला आणि मायक्रोस्कोप लावून बॉलकडे पाहत बसले. खाली एक तुकडी सुटून दुसरी भरली. बॉल हलला नाही.

मी मान वर केली तेव्हा वेताची खुर्ची टेबलापासून मागे सरकलेली होती. कुणी उठताना सरकते तशी.

तिच्यामागे भिंतीवर स्कोअरबोर्ड होता, ज्यावर पितळी काटे सरकवून गुण दाखवतात. दादामियाँचा काटा पंचावन्नवर होता. बापूरावांचा पासष्टवर.

सात गुण. काळ्याला गैर स्पर्श झाला की ते समोरच्याला मिळतात, हे मला नंतर समजलं; गेज टेकवणारी मी, आणि मी गेले होते दादामियाँच्या वतीने. त्या क्षणी मी फक्त वजाबाकी केली.

श्रीधर दारातून म्हणाले, "थांबला का?"

मी हो म्हटलं. आकडे खोटे सांगायची मला सवय नाही.

"मग सोपं झालं," ते म्हणाले आणि पेंटरला फोन लावायला गेले.

संध्याकाळी मी मंडईमागे दादामियाँच्या घरी गेले. जिनतने दार उघडलं आणि आत नेलं. दादामियाँ उशांना टेकून होते. खिडकीत एक पितळी तागडी टांगलेली होती. वारा नव्हता आणि तिचं एक पारडं खाली गेलेलं होतं.

"बेटा, चालू आहे ना?"

जिनत माझ्याकडे बघत होती.

"चालू आहे," मी म्हणाले.

त्यांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग नजर माझ्या खांद्यावरून मागे, दाराकडे गेली.

"मग बापू का उठला?"

मी वळून पाहिलं नाही.

दादामियाँनी उजवा हात पांघरुणाबाहेर काढला आणि पुढे केला, डाव संपल्यावर हरलेला करतो तसा. हात हवेत दोनदा हलला आणि खाली आला. मी तो धरायला वाकले.

बोटं दाबली गेल्यासारखी पांढरी पडली होती. तळव्यावर, अंगठ्याच्या बेचक्यात, क्यूला लावायच्या खडूची ताजी निळी पूड होती.