घंटीवाली

घंटी वाजवणारा माणूस त्या दिवशी आजारी पडला, म्हणून कपडेपटात इस्त्री करणाऱ्या तिला कॅमेऱ्यामागच्या स्टुलावर बसवलं. हातात दिली मुठीत मावेल एवढी पितळी घंटी.

टीव्हीवरचा तो खेळ तसा सोपा. नटानं आयत्या वेळी सुचेल ते बोलायचं; घंटी वाजली की शेवटचं वाक्य मागं घेऊन तिथल्या तिथं दुसरं म्हणायचं. या नटाला सगळे अवलिया म्हणत. तो असं काही भलतंच बोलायचा, की लोक हसायचं सोडून एकमेकांची तोंडं बघत बसायचे. ती मात्र पोट धरधरून हसली… आणि घंटी वाजवायचीच विसरली.

"घंटीवाली," चहा पिताना तो म्हणाला, "अशाच विसरत जा. मला एकदा खरं बोलून बघायचंय."

"खरं बोललात तर नोकरी जाईल."

"ती तशीही जाणारच आहे."

दिग्दर्शकानं मात्र तिला फैलावर घेतलं. हशा आला नाही की वाजवायची, विचार करत बसायचं नाही! हळूहळू तिच्या हाताला तशी सवयच लागली. तिची ती जागाही पक्की झाली. पण इस्त्री तिनं सोडली नाही. त्या नटाचा शर्ट ती सगळ्यात शेवटी घ्यायची, कॉलर गरम असतानाच त्याच्या हाती पडावा म्हणून. तो मानेला हात लावून नुसता तिच्याकडे बघायचा, आणि तिचा सगळा दिवस बरा जायचा.

शेवटी कार्यक्रम बंद करायचं ठरलं. बघणारंच कोणी उरलं नव्हतं. दूरगावी त्याच्या थोरल्या भावाचं रंगाचं दुकान होतं. हे चाळे पुरे झाले, आता गल्ल्यावर बस, असा भावाचा निरोप आला होता.

शेवटच्या भागात तो रंगाच्या दुकानातलं गिऱ्हाईक झाला होता. बोलता बोलता थांबला, स्टुलाकडे वळला.

"माझं तुझ्यावर प्रेम आहे."

कोणी हसलं नाही… आणि तिच्या हातानं घंटी वाजवली.

त्याचा चेहरा पडला. पण नियम तो नियम.

"मला… एक डबा पांढरा रंग द्या," तो म्हणाला, आणि लोक खो खो हसले. एवढा हशा त्याला जन्मात मिळाला नव्हता. तिला मात्र स्वतःचा हात तोडून टाकावासा वाटला.

शर्ट परत करायला तो कपडेपटात आला. बाहेर पत्र्यावर पाऊस कोसळत होता. तिनं घंटी त्याच्या हातात ठेवली.

"आता तू वाजव. तू गेलास तरी माझं काही अडणार नाही."

घंटी वाजली.

"थोडंफार अडेल."

पुन्हा वाजली, अगदी हळू.

"तुझ्या शर्टाची कॉलर मला आयुष्यभर गरम करायचीय."

ती वाट बघत राहिली. तो वाजवेना. त्याचे डोळे भरून आले होते.

गाडीची वेळ झाली, तसा तो निघाला. घंटी त्यानं रुमालात गच्च गुंडाळून बरोबर नेली, वाटेत ती चुकूनही वाजू नये म्हणून.