डाव्या अंगठ्याला नख नव्हतं

ही गोष्ट खरी आहे. मी अकोल्यात शाळामास्तर आहे. पोरं भुताखेतांच्या गप्पा मारू लागली की दटावणारा माणूस. पण हे माझ्या वडिलांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं, आणि त्यांना आयुष्यात कुठलीच गोष्ट रचून सांगता आली नाही.

रात्र नव्हती. भर दुपार होती.

सन १९१९. अक्षय्य तृतीया. गाव शेंदूरजनाघाट, आमची संत्र्याची बाग.

आदल्या हिवाळ्यात आभाळातून आगीचा लोळ येऊन बागेत पडला होता. सकाळी पाहिलं तर घागरीएवढा काळा दगड. भोवतीची झाडं होरपळलेली, पण दगड थंडगार... पुढं वैशाखातही थंडगारच. माझ्या आजीनं, पार्बताबाईनं, त्याला शेंदूर फासून नारळ फोडला. आम्ही माळी माणसं. बागेत अनोळखी दगड दिसला की आधी शेंदूर, मग विचार.

वडील, गोवर्धन, तेव्हा सोळा वर्षांचे. त्यांचे थोरले भाऊ किसनराव इंग्रजांच्या लढाईवर, इराकात बसऱ्याला गेले होते, फौजेची खेचरं हाकायला. लढाई संपली तरी माणूस आला नाही. शेवटच्या पत्राला दोन वर्षं होऊन गेली.

"घागर भरून टाकू," आजी म्हणाली. "पोरगा तिकडं तहानलेला असन."

अक्षय्य तृतीयेला आम्ही मेलेल्यांच्या नावानं पाण्याची घागर भरतो. किसनकाकांची बायको, माणिककाकू, अडून बसली.

"आत्याबाई, जित्या मानसाची घागर काहून भरता? ते हायेत. मले ठाऊक हाय."

पण सासूपुढं कुणाचं चालतं?

घागर त्या दगडापुढं मांडली. आमच्या घरची रीत अशी, की आधी त्या माणसाची एक आठवण मोठ्यानं बोलायची, मग घागरीत पाणी ओतायचं. पहिली पाळी बायकोची.

काकू रडत रडत बोलली. "त्याईच्या डाव्या अंगठ्याले नख नाही. कुदळ लागली होती. घरात येताना दोनदा खोकतात. मंग म्हनतात, पानी दे वं."

तिनं पाणी ओतलं...

पाण्याचा आवाजच झाला नाही.

बागेतली पाखरं गप्प झाली. पान हलेना.

आणि झाडांआडून कुणीतरी दोनदा खोकलं.

"पानी दे वं."

काकू उठून धावली... आणि चार पावलांवर थिजली. फांद्यांखाली दोन पाय उभे होते. काकांचेच पाय. डाव्या अंगठ्याला नख नव्हतं. वर धोतरही त्यांचंच.

कमरेच्या वर... काही धड नव्हतं. उन्हात तापलेल्या वाटेवर हवा हलते, तसं काहीतरी हलत होतं. तोंड नव्हतं.

वडिलांना पुष्कळ दिवसांनी उमगलं. पाच वर्षांच्या संसारात काकूनं पदर वर करून नवऱ्याकडं कधी पाहिलंच नव्हतं. तिनं पायच पाहिले होते. तिच्याजवळ होतं तेवढंच त्याला मिळालं.

"आनखी सांग," ते म्हणालं. आवाज काकांचा. पण एकेक शब्द चाचपून पाहत असल्यासारखा.

आजी मागं सरली नाही. पोराला तोंड नाही, हे आईला बघवलं नाही. "माह्या किसन्याच्या भुवईत चीर हाय," ती म्हणाली. "पाळन्यातून पडला होता. डोये घारे हायेत, माह्यासारखे."

ती बोलत गेली, तसतसं तोंड येत गेलं. भुवई. चीर. घारे डोळे...

ते डोळे वडिलांकडं वळले.

"आता तू सांग."

वडिलांनी दात आवळले. आधाराला म्हणून त्यांनी आईकडं पाहिलं. तिच्या चेहऱ्यावर ना भीती होती, ना माया.

"कोन उभा हाय रे तिकडं?" तिनं विचारलं.

वडील दोघींचे हात धरून पळत सुटले. कुंपणाशी मागं वळून पाहिलं, तर झाडांखाली कुणी नव्हतं. घागर कोरडी ठणठणीत होती.

लोक म्हणतील, भूत. पण भूत मेलेल्या माणसाचं असतं.

किसनकाका मेले नव्हते.

आषाढात ते परत आले. वाळलेले, दाढी वाढलेली. दारात उभं राहून दोनदा खोकले.

"पानी दे वं."

वडिलांनी धावत जाऊन मिठी मारली. आजी उंबऱ्यातून नुसती पाहत राहिली. "कोन पाह्यजे, बापू?"

काकूनं परक्याला द्यावा तसा पाण्याचा तांब्या लांबून ठेवला. पदर ओढून घेतला. मग तिची नजर त्यांच्या पायांवर गेली.

"अंगठ्याले काय झालं, भाऊ?"

काकांना तो तांब्या उचलवला नाही.

गावानं समजावलं, शपथा घातल्या. दोघी ऐकून घ्यायच्या आणि मान हलवायच्या. मग हे कुंकू कुणाच्या नावाचं, असं विचारलं की काकू तासन्‌तास आरशासमोर बसायची. काका शेवटपर्यंत बागेतल्या झोपडीत राहिले, राखणदार म्हणून. त्यांना भाऊ म्हणणारे एकटे माझे वडील. ते त्या दुपारी बोलले नव्हते ना.

यंदा माघात वडील गेले.

परवा अक्षय्य तृतीया, म्हणून मी गावी आलो आहे. आई म्हणते, घागर त्या दगडापुढंच भरायची. मी तिला सगळं सांगून पाहिलं.

"घरचा देव हाय तो. काय बोलून राहिला तू?" ती म्हणाली. "तुह्या बापाले तहानलेला ठेवतं का?"

पहिली पाळी तिची. दुसरी माझी.

मला भीती वाटते. आज सकाळी बागेत जाऊन दगडावर हात ठेवला. थंडगार होता...

आणि झाडांआड कुणीतरी दोनदा खोकलं.

म्हणून हे लिहून ठेवतो आहे. माझ्या वडिलांचं नाव गोवर्धन. ते डावखुरे होते. संत्र्याची साल अखंड काढायचे आणि पहिली फोड मला द्यायचे.

परवानंतर मी जर विचारलं, हा गोवर्धन कोण... तर मला हे वाचून दाखवा.