वैजनाथ खाटप्यांचा भाऊ

"खाटपे, तुमची फाईल आली," खिडकीतल्या बाईंनी हाक मारली आणि आम्ही दोघं उठलो. मी, आणि कोपऱ्यातल्या टेबलावरचा एक उंच, सावळा मुलगा.

"मी उत्कर्षा खाटपे," मी ठणकावलं. पणजोबांची लष्करी नोंद बघायला सुट्टी टाकून कर्वेनगरहून कॅम्पात आले होते. फाईल सोडणार नव्हते.

"इंद्रजीत खाटपे, कात्रज. आधी तुम्ही बघा. माझे पणजोबा शंभर वर्षं थांबलेत, अजून तासभर थांबतील."

हसायचं नव्हतं मला… पण हसले.

दोघांचेही पणजोबा पहिल्या महायुद्धात मेसोपोटेमियाला गेलेले. माझे वैजनाथ, त्याचे बजरंग. आडनाव एक असलं तरी गावं वेगळी, त्यामुळे नात्याचा विचारच मनात आला नाही. मग दर शनिवारी आम्ही त्या लष्करी नोंदींच्या खोलीत समोरासमोर बसू लागलो. तो पानं उलटायचा, मी गिचमिड इंग्रजी अक्षर लावायचे. नंतर चहा. आणि चहा संपला तरी उठायचं कुणाच्याच मनात नसायचं.

"चिडलीस की नाक फुगवतेस तू," एकदा तो म्हणाला.

"नोंदी बघायला येतोस की नाक?"

"खरं सांगू…?" तो थांबला. मी उगाच कपातला गाळ बघत बसले.

आणि मग ते पान मिळालं. बजरंग खाटपे, वय अठरा. जवळचा नातेवाईक – भाऊ, वैजनाथ खाटपे. खाली दोघांचे अंगठे, शेजारीशेजारी. शाईतल्या रेषा अजून स्पष्ट होत्या. इंद्रजीतनं आपला अंगठा त्यावर अलगद धरला, न टेकवता. माझ्या अंगावर काटा आला. ही माणसं खरंच होऊन गेली होती, आणि त्यांच्या इतक्या जवळ मी बसले होते.

अर्थ डोक्यात जरा उशिरा शिरला. सख्खे भाऊ. म्हणजे आम्ही दोघं एकाच भावकीतले, आणि भावकीत लग्न होत नाही.

"चहा?" त्यानं विचारलं.

"नको." घरी जाऊन पोटभर रडले.

पुढचे शनिवार मी गेलेच नाही. मग त्याचा फोन आला. बहिणीचं, नीरजाचं लग्न होतं. "भावकी म्हटल्यावर यायलाच पाहिजे तुला," तो कोरडेपणानं म्हणाला. शेवटचं एकदा बघावं त्याला, म्हणून गेले.

मांडवात त्याचे वडील बापूराव देवक बसवत होते. देवक म्हणजे कुळाची खूण; बापाकडून मुलाकडे जाते, कधी बदलत नाही. बापूरावांच्या हातात मोराचं पीस होतं.

"काका, हे कुणाचं?" मी विचारलं.

"आपलंच, खाटप्यांचं. पिढ्यान् पिढ्या हेच हाय."

"पण… आमचं देवक तर कळंबाची डहाळी आहे."

मांडवातल्या बायका जवळ सरकल्या. सख्ख्या भावांची देवकं दोन? शक्यच नाही. बापूराव पीस घेऊन खाली बसले.

"बजरंगबाबा लहानपणी घरातनं पळून आलेले, एवढं ऐकून हाय. कुठल्या घरातनं, ते कधी बोलले नाहीत." त्यांनी पीस मांडीवर ठेवलं. "मग आम्ही खाटपे नाहीच?"

"भरतीला आडनाव आणि नातेवाईक विचारले असणार, आबा," इंद्रजीत सावकाश म्हणाला. "आणि शेजारी उभ्या असलेल्या वैजनाथबाबांनी सांगितलं असणार – हा माझा भाऊ."

म्हणजे आमचं रक्ताचं नातं नव्हतंच. एका पोरानं रांगेतल्या दुसऱ्या पोराला आपलं आडनाव देऊन टाकलं होतं, आणि त्या आडनावाखाली हा सगळा मांडव भरला होता. मला भरून आलं. बापूरावांनी माझ्यापुढे हात जोडले. "पोरी, तुझ्या घरानं आम्हाला नाव दिलं. आम्ही ते सोडायचो नाही." मी घाईनं त्यांच्या पायाशी वाकले.

इंद्रजीत मला सोडायला मांडवाबाहेर आला. चपलेनं माती उकरत राहिला.

"उत्कर्षा… आडनाव तर तुमच्या घराकडून आधीच घेतलंय. आता मुलगी मागायला आलो, तर हावरट म्हणशील?"

"म्हणेन," मी म्हणाले. "पण ये."