उरलेल्या तीन फेऱ्या

"रोज दिवेलागणीला बाबांच्या बंद खोलीतून गाड्यांचा आवाज येतो," वल्लरी म्हणाली. "मधूनच टक् असा ठोका. सहाएक मिनिटं चालतं. मग शांत."

खासगी तपासनीस विनिता दातार ऐकत राहिल्या. त्यांचे मदतनीस, निवृत्त हवालदार हरेश्वर, यांनी खुर्ची दारापासून जरा दूर घेतली.

वल्लरीचे वडील तात्या तेरा दिवसांपूर्वी दिवेआगरच्या या घरात, त्याच खोलीत, खुर्चीत बसल्या बसल्या गेले. तरुणपणी ते बोटीवर इंजिनिअर होते. एका ऑगस्टमध्ये बोट जपानी बंदरात अडकली, तेव्हा सुझुकाची हजार किलोमीटरची मोटारशर्यत त्यांनी कडेला उभं राहून टेप केली. निवृत्तीनंतर त्या शर्यतीचा इतिहास लिहायला घेतला. साठच्या दशकातली सुरुवात, तेलटंचाईत बंद पडलेली वर्षं, इंग्रजी आठासारखा स्वतःलाच ओलांडून जाणारा रस्ता, असं सगळं. अकरा वह्या झाल्या. बारावी त्यांनी पाहिलेल्या शर्यतीची.

"काल वह्या छपाईला द्यायला खोली उघडली. बारावी नाही. बाबांचं शेवटचं लिहिणं त्यातच आहे. मला बाकी काही नको."

"चावी?"

"माझ्यापाशी. पहिल्या दिवसापासून."

खोलीत कपाटावर धूळ होती, अकरा वह्या जागच्या जागी. पलीकडच्या फळीवर चष्मा. गजांच्या खिडकीला टेकून टेबल, त्यावर सेलवर चालणारा जुना टेप, कॅसेटी आणि सुपाऱ्यांचे दोन वाडगे. खिडकीची कडी वादळात तुटली ती तशीच. मागे वाडीत आडव्या पडलेल्या पोफळी.

"तिथे टेप करताना आघाडीची गाडी समोरून गेली की बाबा डब्यावर टिचकी मारायचे. टेपमध्ये ती ऐकू येते. एका टिचकीला एक सुपारी या वाडग्यातून त्या वाडग्यात. रोज तीनच फेऱ्या ऐकायचे, मग लिहायचे. एकूण एकशे एकाहत्तर. गेले त्या संध्याकाळी एकशे बत्तीस झाल्या होत्या, मी मोजल्या."

विनिताबाईंनी भरलेला वाडगा मोजला. एकशे अडुसष्ट.

हरेश्वरांनी घशातल्या घशात रामनाम घेतलं.

"या तीन सालासकट का?" विनिताबाईंनी विचारलं. तिन्ही वरच्या थरात होत्या.

"बाबा सोललेल्याच घ्यायचे."

वल्लरीचा भाऊ अजेय ओटीवर फोनवर होता. "खोली होमस्टेला द्यायची म्हणतोय, म्हणून मीच भुताटकी करतो असं ताईला वाटतं ना? आवाज येतो तेव्हा मी हिच्याच शेजारी बसलेलो असतो. विचारा."

"बसलेला असतो," वल्लरी म्हणाली. "माझा हात धरून."

अलिबागचा छापखानेवाला कमलेश घाईत होता. "मी कालच आलो, मॅडम. अकरा वह्यांवरच पुस्तक काढू. कोण मोजतंय?"

मागच्या अंगणात आवडाबाई नारळ मोजत होती. तीस वर्षं या घरचा स्वयंपाक तिच्याकडे. नऊ नारळ आडवे, दहावा शेंडी वर करून उभा.

"शिकलात का हो कुठे?" विनिताबाईंनी विचारलं.

"न्हाय बाई. तात्या लिवायचे, मी उंबऱ्यात बसून आयकायची." तिने पदराने कपाळ पुसलं. "पोथी अर्धी ठेवून गेले. आन् तो छापखान्यावाला म्हनतो तशीच नेतो."

दिवस कलला तसं विनिताबाईंनी सगळ्यांना खोलीत बोलावलं.

"कमलेशचंच काम," हरेश्वर कुजबुजले. "बनावट चावी."

"मामा, कुलूप उघडून आलेला माणूस कपाटाला हात लावेल. इथे खिडकीतून हात पोचतो तेवढंच हललंय, वही, सुपाऱ्या, टेपचं बटण. गजांतून वही निघते, टेप निघत नाही. खिडकीला कडी तर नाहीच. आवाज पहिल्या दिवसापासून, कमलेश कालचा. अजेय बहिणीशेजारी. आता सुपाऱ्या. बारा संध्याकाळींत छत्तीस वाढल्या, दिवसाला तीन. आकडे येणारा नुसता मोजत जाईल. इथे एकशे चाळीस, पन्नास, साठ, प्रत्येक दहावी सालासकट. खूण ठेवून मोजणारं या घरात एकच माणूस आहे."

सगळे आवडाबाईकडे वळले.

"पण का?" अजेय ओरडलाच.

"तुम्ही या वह्यांना पुस्तक म्हणता, त्या पोथी म्हणतात. पारायण मध्येच सोडून पोथी घराबाहेर काढतात का?"

आवडाबाई खाली बघत होती. "सांगितलं आसतं तर हसला आसतात. तात्यांचा जीव आडकून र्‍हायला आसता त्या रस्त्यावर, गोल गोल." ती उठली, आपल्या खोलीतून लाल फडक्यात बांधलेली वही घेऊन आली. फडक्यावर हळदकुंकू होतं. "देवापुढं ठेवली व्हती. आज तीनच र्‍हायल्यात, पोरी. तेवढं होऊ दे, मग ने."

वल्लरीने वही घेतली, पण उघडली नाही. ती वडिलांच्या खुर्चीत बसली आणि तिने टेपचं बटण दाबलं.

इंजिनांचा आवाज लांबून आला, भिंतींवरून घासत गेला. टक्. आवडाबाईने सुपारी टाकली. टक्. वाडीत अंधार उतरत होता, दिवा कोणी लावला नाही. पुन्हा आवाज चढला, लोकांचा गलका झाला. टक्. आवडाबाईने शेवटची सुपारी वल्लरीच्या हातात दिली. ती तिने हलकेच वाडग्यात सोडली.

फीत अजून फिरत होती. गलका ओसरला आणि अगदी जवळून एक तरुण, दमलेला आवाज आला. वल्लरीने तो त्या वयात कधी ऐकला नव्हता, तरी लगेच ओळखला.

"झाली. चला, आता घरी जायचं."

खट्कन बटण आपोआप वर आलं.