भिंगावरचं धुकं

कुणावर विश्वास ठेवाल, पोरांनो? स्वतःच्या डोळ्यांवर, की दुसऱ्याच्या? गिऱ्हाइकाला मी हे विचारत नाही, धंदा बसेल. पण तुम्ही माझे भाचे, आणि ही गोष्ट माझ्या दोस्ताची, फिर्मँची.

फिर्मँ जुने मूकपट दुरुस्त करायचा. चार वर्षांपूर्वी, एक नोव्हेंबरला, सर्व संतांच्या सणाच्या, थडग्यांवर फुलं वाहायच्या संध्याकाळी तो तळ्याकाठच्या मादाम सोलांजकडे तिची फिल्म परत द्यायला गेला. काखेत फिल्म दाखवायचं यंत्र, हातात शेवंतीची कुंडी.

"शेवंती?" म्हातारी दारातच कडाडली. "थडग्यावरचं फूल? मी अजून मेले नाही रे, गाढवा!"

"तुमच्या आईसाठी आणलीय, मादाम."

"तिला थडगं कुठंय? तळ्यात गेली, ती सापडलीच नाही... ठेव खिडकीत."

आई गेली तेव्हा सोलांज पाळण्यात होती. आता नव्वदी उलटलेली, घरात एकटी. आईचे फोटो युद्धात घरासकट जळाले. मावशीच्या माळ्यावर सापडली ती एवढी फिल्म, बापानंच काढलेली. पानगळ, पावसाची डबकी, तळ्याकाठून चाललेली एक बाई. धुकं दिसावं म्हणून बाप मधूनच कॅमेऱ्याच्या भिंगावर श्वास सोडायचा.

"मरण्याआधी एकदा तिचा चेहरा बघू दे."

"मादाम, खोटं नाही बोलणार. एकेक चित्र तपासलंय. ती पाठमोरीच आहे. शेवटपर्यंत."

"तू फिरव रे!"

फिर्मँनं दिवा लावला, दांडा फिरवू लागला. पानं गळाली. बाई चालली. धुकं आलं...

गेलंच नाही.

त्यानं यंत्राच्या भिंगाला हात लावला. दिव्यापुढचं भिंग चटका देतं. हे गार होतं. ओलं. त्यानं रुमालानं पुसलं. पुन्हा धुकं.

"पुसू नकोस," सोलांज हळूच म्हणाली. "ती वळलीय."

फिर्मँला दिसत होता नुसता पांढरा पडदा. हात फिरत राहिला...

"डोळे... माझ्यासारखेच आहेत रे."

रीळ संपलं. फिल्म घरी नेऊन पहाटेपर्यंत त्यानं पुन्हा एकेक चित्र पाहिलं. पाठ. पाठ. पाठ.

सोलांजनं ती फिल्म परत कधी मागितली नाही. वसंतात झोपेतच गेली. फिर्मँ यंत्राचं ते भिंग माझ्या या जुन्या वस्तूंच्या दुकानात ठेवून गेला. "माझ्या घरी नको," एवढंच म्हणाला.

कोरड्या डब्यात असतं. तरी दरवर्षी सणाच्या या रात्री त्याच्यावर धुकं धरतं. बाहेरून नाही. आतल्या दोन काचांच्या मधे, जिथं कुणाचं बोट पोचत नाही. आणि त्या धुक्यात एक जागा पुसलेली असते...

डोळ्याएवढी.

उद्यापासून दुकान तुमचं. कुणी कितीही देऊ दे, ते भिंग विकायच्या मालात लिहू नका. दुसऱ्याची ठेव म्हणून लिहा. बाकी काहीही करा, पोरांनो, तेवढा हिशेब खरा ठेवा.